आप्पांना काय काय येतं

एकदा एका वृद्ध वकिलांकडे कुंदा नावाची परिचारिका आली. ती एका खेड्यातल्या सरकारी दवाखान्यात नोकरीला होती आणि तिची बदली दूरच्या शहरात झाली होती. घरी अंध वडील, आप्पा; दुसरे कोणी नाही. वडील पूर्णपणे परावलंबी आहेत, सबब बदली रद्द व्हावी, असा अर्ज तिने केला होता. उत्तर आले की वडिलांना सोबत न्यावे; शहरात निवासस्थान आहे, मोठे रुग्णालयही आहे. आता वरिष्ठ अधिकाऱ्यांपुढची सुनावणी तेवढी उरली होती.

वकिलांच्या हाताखाली शिकणाऱ्या शिष्याने तत्काळ नवा मसुदा केला. त्यात आप्पांना उठता येत नव्हते, बसता येत नव्हते, घाससुद्धा भरवावा लागत होता. शिष्य मनाचा वाईट नव्हता. दैन्य जितके अधिक तितकी दया अधिक, अशी त्याची भाबडी समजूत होती. वकिलांनी मसुदा वाचून बाजूला ठेवला आणि म्हणाले, "चल, आधी आप्पांना भेटू."

आप्पांनी पाहुण्यांना स्वतः चहा करून दिला. मग भिंतींना हात लावत ते दोघांना गावात घेऊन निघाले. "हा खडबडीत दगड लागला की गिरणी आली. पुढे जरा उतार, तिथून पाराकडे वळायचं." पारावर त्यांची मित्रमंडळी वाटच पाहत होती.

परतताना आप्पा म्हणाले, "कुंदानं तिचा तो पहिला अर्ज मला वाचून दाखवला. म्हटलं, हा म्हातारा कोण गं? याला आता फक्त उचलायचं बाकी आहे." सगळे हसले. बरोबर चालणाऱ्या कुंदाला मात्र फार वाईट वाटले.

सुनावणीत वकिलांनी निराळेच मांडले. आप्पा स्वयंपाकघरात वावरतात, एकटे दाढी करतात, दळण आणतात, पारावर जातात. अधिकाऱ्यांनी विचारलेच, "एवढं सगळं येतं, तर मुलगी जवळ कशाला हवी?"

"इन्सुलिनची सुई तीच देते, साहेब. ते त्यांना जमत नाही, म्हणून त्यांना एकटं मागे ठेवता येत नाही. आणि बाकी सगळं जमतं, म्हणून सोबत नेता येत नाही. त्यांना काहीच येत नसतं तर गाव काय नि शहर काय, सारखंच. तुमचं पहिलं उत्तर योग्य ठरलं असतं. पण डोळे गेल्यावर या माणसानं अख्खं गाव हातापायांनी पुन्हा शिकून घेतलंय. शहरातल्या खोलीत त्यांची सेवा उत्तम होईल, पण ते खाटेवरून उठणार नाहीत. एकदा आंधळे झालेत ते. दुसऱ्यांदा करू नका, एवढंच मागणं आहे."

अधिकाऱ्यांनी कुंदाचा अर्ज पुन्हा पुढे ओढला. मग त्यांनी बदली रद्द केली.

कुंदाने बाहेर येऊन आप्पांना फोन लावला. पारावरच्या मंडळींना सांगून येतो, म्हणत आप्पांनी तो लगेच ठेवूनही दिला. ती डोळे पुसत हसत होती.

परतीच्या वाटेवर शिष्य म्हणाला, "सर, माझ्या मसुद्यानं आप्पांना शहरात पोचवलं असतं."

"हो," वकील म्हणाले, "आणि आपण त्यांच्या भल्यासाठीच झटलो, असं आपल्याला जन्मभर वाटत राहिलं असतं."