कड्याकडची खिडकी

कोळेधारच्या शाळेला पश्चिमेकडे एकच खिडकी आहे, आणि ती बंद असते. तिला कुलूप नाही, खिळे ठोकलेले नाहीत. नुसती कडी घातलेली आहे आणि कडीवर गंज चढला आहे. खिडकीपलीकडे नाचणीची दोन शेते, आणि त्यांच्यामागे सरळ उभा काळा कडा. तिथे हाक दिली तर कडा ती परत करतो. गडावर जाणारे लोक त्यासाठी इथे थांबतात.

आम्ही थांबलो तेव्हा शाळेचे निवृत्त शिपाई केरबातात्या पवार पायरीवर बसले होते. आमच्यातल्या एकाने तोंडाभोवती हात धरलेले पाहून ते म्हणाले, "वरडा की. शिवी द्या पायजे तर, तुमची तुम्हालाच परत मिळंल. फक्त माणसाचं नाव घेऊ नगा."

"का हो, तात्या?"

"बसा, सांगतो. घाईत असलासा तरी बसा."

त्यांनी सांगितले ते असे.

पहिल्या महायुद्धात या गावचा दादजी शेवाळे नावाचा तरुण पलटणीत होता. पार बसऱ्याच्या पुढे, नदीकाठच्या एका गावात त्याची पलटण शत्रूच्या वेढ्यात सापडली. वेढा पाच महिने चालला. शेवटी माणशी मूठभर पीठ मिळे, तेही पहाटेच्या हजेरीला ज्याने 'हजर' म्हटले त्यालाच. दादजीच्या शेजारी याच खोऱ्यातला सिदोजी म्हणून गडी होता. तो एका रात्री थंडीने गेला. दादजीने त्याला खंदकातच वाळूत पुरला आणि कोणाला सांगितले नाही. पहाटे सिदोजीचे नाव पुकारले गेले, तेव्हा दादजी आवाज बदलून म्हणाला, "हजर." असे त्याने अकरा दिवस केले म्हणे. दोन मुठी पिठावर तो जगला.

पुढे पलटण शरण गेली. कैदेत एका सोबत्याने त्याला अक्षरे शिकवली. जिवंत परतलो तर गावात शाळा काढीन, असा नवस तो तिथेच बोलला होता, आणि परतल्यावर त्याने तो फेडला. भैरोबाच्या देवळापुढच्या मंडपात शाळा भरू लागली. पहिल्या दिवशी सतरा मुले होती. दादजी मास्तरांनी हजेरी घेतली. शेवटचे मूल 'हजर' म्हणून खाली बसले, आणि कड्याकडून आणखी एक 'हजर' आला. आवाज मोठ्या माणसाचा होता. मुले हसली. मास्तर हसले नाहीत. दुसऱ्या दिवसापासून ते कड्याकडे पाठ करून बसू लागले.

वीस वर्षे गेली. मास्तरांचा शब्द खोऱ्यात चालू लागला. लोकांनी त्यांना तालुक्याच्या लोकल बोर्डावर निवडून दिले. गावाला सातवीपर्यंतची दगडी शाळा आणून देईन, असे त्यांनी निवडणुकीत सांगितले होते. एवढ्यात दुसरे महायुद्ध सुरू झाले. भरतीचा साहेब आला आणि म्हणाला, शाळेचे बघू, पण आधी गावाने पोरे द्यावीत. किती, असे मास्तरांनी विचारले.

"अकरा," साहेब म्हणाला.

मास्तर हातातला पाण्याचा पेला खाली ठेवायला विसरले, असे सांगतात.

कड्याखालच्या माळावर सभा भरली. बिगूल वाजला. साहेबाचे भाषण कोणाला कळले नाही आणि कोणी उठलेही नाही. तेव्हा मास्तरांनी पिशवीतून एका जुन्या वर्गाचा हजेरीपट काढला. भरती व्हा, असे त्यांनी कोणालाच म्हटले नाही. त्यांनी फक्त नावे वाचली. वर्गातली ती पोरे आता अठरा-वीस वर्षांची झाली होती. नाव कानावर पडताच एकेक जण उभा राहून 'हजर' म्हणे. चौथीत लागलेली सवय! उभा राहिलेला मग खाली बसू शकेना, कारण साहेबाचा शिपाई त्याच्या दंडाला धरून त्याला रांगेत नेई. मास्तरांनी हे ठरवून केले की त्यांच्या हातून झाले, यावर गावात अजून दोन मते आहेत.

दहा नावे झाली आणि मास्तरांनी हजेरीपट मिटला. बायकांच्या घोळक्यातून ठकूबाई पुढे आली. तिचा एकुलता एक ज्ञानू रांगेत उभा होता.

"गुर्जी, एक नाव राहिलं."



"माझ्या ज्ञानूचं वाचलंसा. तुमच्या हिंदुरावाचं खाली हाय. मला वाचता येत न्हाई, पर पोरं कुठं बसत हुती ती ठावं हाय मला."

मास्तरांनी हजेरीपट उघडला नाही. पण गर्दीच्या कडेला त्यांचा मुलगा हिंदुराव होता. त्याचे नाव कोणी पुकारले नव्हते. तो आपण होऊन उभा राहिला आणि म्हणाला, "हजर." कड्याने तो शब्द परत दिला नाही, असे म्हणतात. ठेवून घेतला.

अकराजण गेले. दगडी शाळा झाली. पहिल्या दोन वर्षांत दहा घरी तारा आल्या. ज्ञानूची सगळ्यांत आधी आली. हिंदुरावाबद्दल एवढेच कळले, की वाळवंटातल्या लढाईनंतर तो सापडला नाही.

मास्तरांनी बोर्ड सोडले आणि ते पुन्हा शिकवू लागले. शाळा भरण्याआधी ते पश्चिमेच्या खिडकीशी उभे राहून ती अकरा नावे वाचत. दहा नावांना कडा 'हजर' म्हणे. नाव पुकारले तर नावच परत यायला हवे. पण येई तो 'हजर', ज्याच्या त्याच्या आवाजात. अकराव्या नावाला कडा गप्प राही. मास्तर त्यावरच जगत होते. कडा गप्प आहे, म्हणजे पोरगा कुठेतरी आहे. हिंदुरावाच्या आईने रोज त्याच्यासाठी पाट मांडायचा आणि मास्तरांनी तो रिकामा पाट पाहत जेवायचे, असे चालले होते.

खिडकीखाली ठकूबाई येऊन बसे. ज्ञानूचे नाव ऐके, त्याचा 'हजर' ऐके आणि उठून कामाला जाई. तीन वर्षांत ती मास्तरांशी बोलली नाही. एका सकाळी मात्र ती शेवटपर्यंत थांबली. मास्तरांनी हिंदुरावाचे नाव घेतले. कडा गप्प. मास्तरांनी पुन्हा घेतले. तिसऱ्यांदा घेतले तेव्हा आवाज फाटला. तिला ते ऐकवेना. खिडकीखालून ती म्हणाली, "हजर."

मास्तर खिडकीतून वाकून ओरडले, "ठकूवहिनी! मेलेल्याच्या नावाला हजर म्हणू नये!"

 आपण काय बोललो ते मास्तरांना उमगले. ठकूबाईने पदर डोळ्याला लावला आणि ती म्हणाली, "बसा गुर्जी. आज तुमच्या घरी चूल पेटवू नगा. भाकरी मी आणते."

त्यांनी खिडकी लावून घेतली. त्याच दिवशी मुलांना आणि ठकूबाईला समोर बसवून वेढ्यातली ती अकरा दिवसांची गोष्ट त्यांनी पहिल्यांदा सांगितली. आठ दिवसांनी सरकारी कागद आला. हिंदुराव लढाईत गेला त्याला तेव्हा तीन वर्षे होऊन गेली होती. मग एवढे दिवस कडा गप्प का राहिला, असे आम्ही विचारले. तात्या म्हणाले, "बापानं नाव कुठं पुकारलं हुतं त्याचं? खिडकीतनं मागनं घेतलं, पर माळावर न्हाईच वाचलं. त्याला वाटलं असंल, आपल्याला न्हाई बोलवत."

आजही कोळेधारच्या शाळेत हजेरीला कोणी 'हजर' म्हणत नाही. नाव घेतले की मूल उभे राहते, मास्तर मान वर करून त्याला डोळ्यांनी पाहतात, मग ते बसते. बदलून आलेल्या नव्या मास्तरांना हे पहिल्याच दिवशी सांगितले जाते. शेवटच्या नावानंतर वर्ग थोडा वेळ तसाच बसून राहतो, आणि त्या वेळात बंद खिडकीकडे कोणी पाहत नाही.

आमच्यातल्या त्या एकाने हात केव्हाच खाली घेतले होते. कड्याकडे तोंड करून तो बराच वेळ उभा राहिला. त्याच्या ओठांवर एक नाव आले होते, हे मला दिसले. त्याने ते घेतले नाही.