ठाकुराचं अस्वल

हिमालयात बर्फ वितळलं की देवदारांखाली गुच्छी नावाची रानअळंबी उगवते. ती विकूनच देवकूच्या लेकरांचं धान्य यायचं. एकदा भरली टोपली घेऊन ती गावातल्या इतर बायांच्या पुढे परतत असताना गावच्या ठाकुराने वाट अडवली.

"ठेव खाली! रान माझं, आणि रानात आपोआप येतं तेही माझंच."

देवकूने टोपली सोडली नाही. "बरं झालं भेटलात, ठाकूरजी. काल रानातून तुमचं अस्वल आलं आणि माझी गाभण मेंढी घेऊन गेलं. मेंढी भरून द्या."

"माझं अस्वल? वेडी झालीस का? मी काय ते पाळलंय? रानातलं जनावर कुणाचंच नसतं!"

"मग ही गुच्छी तरी तुम्ही कधी पेरलीत?"

मागे घाबरून थांबलेल्या बाया खुदकन हसल्या. ठाकूर बाजूला झाला. आधी देवकू गेली, मग एकेक करून सगळ्यांच्या टोपल्या त्याच्यासमोरून गेल्या.