अकरा मुंग्या आणि पिंपळपान

ओढ्यावर मुंग्यांची ने-आण एक पिंपळपान करायचं, त्या काळातली ही गोष्ट. रानात वणवा पेटला आणि अकरा मुंग्या धावत काठावर आल्या. पानावर त्यांनी सकाळीच राळ्याचे पाच दाणे ठेवले होते. दाणा आणि मुंगी वजनाला सारखेच.

पान म्हणालं, "बायांनो, ओझं बारापेक्षा कमीच हवं. बारा झाले की मी बुडणार. खाली मरळ मासा टपलाय."

थोरल्या मुंगीने हिशोब केला. "बारातून हे पाच दाणे गेले, उरले सात. आपण सातापेक्षा कमीच हव्यात. म्हणजे सहाच जणी."

"आणि बाकीच्या पाच?" एकीने रडत विचारलं. मागे गवत तडतडत पेटत होतं.

"दाणे टाका. मग अकराही जणी जाऊ."

तोंडात धरलेला दाणा मुंगी सहसा सोडत नाही. तरी धुरात चाचपडत त्यांनी दाणे पाण्यात ढकलले आणि सगळ्या पानावर चढल्या.

ओढ्याच्या मधोमध पानाची कड पाण्यात गेली.

"बारा झाले!" पान थरथरलं. "दाणा कुणाकडे राहिलाय?"

"माझ्याकडे नाही! माझ्याकडे नाही!" दहा जणी ओरडल्या.

अकरावीला तोंड उघडता येईना.