सर्वांत हलका खडा

आर्द्रावती नगरीत तरंगसेन राजा राज्य करीत होता, त्या काळी बोधिसत्त्वाने तिथल्या मापाऱ्याच्या घरी जन्म घेतला होता. नाव ऋजुक. नगरी सखल, तिन्ही बाजूंनी सरोवर, पाणी आणि घरं यांच्या मध्ये पूर्वजांनी रचलेला दगडी बांध. तरी दर साली रस्त्यांवर बोटभर पाणी अधिक चढत होतं.

ते का चढतं, याचं उत्तर राजगुरू पिंगलाचार्यांनी देऊन ठेवलं होतं. त्यांच्या मताला भारदर्शन म्हणत. दुःखाला वजन असतं, आणि त्या वजनाने भूमी खाली बसते, असं ते मत. म्हणून वर्षातून एकदा प्रत्येक घराने एका दगडाजवळ आपलं दुःख बोलायचं आणि तो दगड राजवाड्यासमोर तोलून द्यायचा. ज्याचा दगड सर्वांत हलका, त्याच्यापाशी इतरांचं दुःख घ्यायला जागा आहे, असं शास्त्र. मग सगळे दगड एका जुन्या नावेत भरायचे. त्या माणसाचा पाय नावेला बांधायचा. त्याने नाव खोल पाण्यात न्यायची आणि बुडाची खुंटी स्वतःच्या हाताने उपटायची. तो बुडाला की लोक गोडाधोडाचं जेवत.

आता हलका दगड कोण आणील? जिवाची भीती कोणाला नसते? जो तो दरवर्षी अधिक मोठा दगड आणू लागला. आणि गाळाच्या त्या भूमीत दगड मिळणार कुठे? बांधात. बाहेरच्या अंगाने लोक गुपचूप चिरे उपटत आणि त्यांपाशी बसून रडत. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात, तो असा.

ऋजुकाने तीस वर्षं तराजू धरला होता. पारड्यातल्या चिऱ्यांवरचा चुना त्याला ओळखू येत असे. एके दिवशी तो बांधाबाहेर उतरला. दक्षिणेकडे माणूस आत शिरेल एवढं भगदाड पडलं होतं. तो तसाच ओल्या धोतराने राजाकडे गेला.

"महाराज, नगरी दुःखाने खचत नाही. बांध आपणच पोखरलाय. येत्या पुरात तो फुटेल."

राजा म्हणाला, "मला ठाऊक आहे."

"मग?"

"बांध दुरुस्त करायचा तर सगळ्या नगरीला राबावं लागेल, आणि आपण चूक होतो हे कबूल करावं लागेल. नावेला वर्षाला एक माणूस पुरतो. जा, तराजू पूस."

ऋजुक घरी आला. इतकी वर्षं हलका दगड कोणाचा, हे आपल्याच तोंडाने आपण पुकारलं, याची त्याला लाज वाटली.

तोलण्याचा दिवस उजाडला. चिरे आले, उंबरे आले, एकाने तर पाटाच जोडीने ओढत आणला. सगळ्यांत शेवटी बुरुडाची बायको चंपिका आली. आठवड्यापूर्वी तिची पाच वर्षांची मुलगी तापाने गेली होती. पाळण्यातलं दुसरं पोर तिने काखोटीला मारलं होतं. तिने मूठ उघडली. आत बोराएवढा खडा होता.

"अगं बाई, एवढाच?" कोणीतरी म्हणालं.

"ती ह्याने खेळायची," चंपिका म्हणाली. "ह्याच्याहून जड माझ्या घरात काही नाही."

ऋजुकाने खडा पारड्यात ठेवला. काटा जेमतेम हलला. लोकांनी सुटकेचा निःश्वास टाकला. एक बाई चंपिकेच्या काखेतलं पोर घ्यायला पुढेही झाली.

"थांबा," ऋजुक म्हणाला. "मापाऱ्याचं घरही नगरीतच आहे. माझं तोलायचं राहिलंय." त्याने पायाखालची चिमूटभर धूळ उचलून दुसऱ्या पारड्यात टाकली. चंपिकेचं पारडं खालीच राहिलं.

पिंगलाचार्य संतापले. "तीस वर्षांत तुला एवढंच दुःख?"

"आचार्य, वजन तुमच्याच तराजूने केलंय."

शास्त्र मोडणार कोण? त्याचा पाय नावेला बांधला. निघताना तो लोकांना म्हणाला, "माझी एक विनंती आहे. पुढच्या साली कोणाला बुडवू नका. ज्याचं दुःख असेल, त्याने दगड मी बुडेन तिथे आणून टाकावा. मी घेईन."

नाव सुटली. पण ती खोल पाण्याकडे गेली नाही. ऋजुकाने ती बांधाच्या कडेकडेने दक्षिणेला वल्हवली. काठावरचे लोक ओरडू लागले, की हा पळतोय. भगदाडाच्या तोंडाशी आल्यावर त्याने वल्हं टाकलं आणि खुंटी उपटली. नाव दगडांसकट तिथेच बसली. त्याचे हात थोडा वेळ पाण्यावर दिसत होते.

त्या साली पूर आला आणि बांध टिकला. पिंगलाचार्यांनी तो भारदर्शनाचाच विजय असल्याचं सांगितलं, आणि लोकांना ते पटलं. तरी पुढच्या साली कोणाला बुडवलं नाही; तोलायचं नव्हतं, म्हणून सगळे हाती येईल तो दगड घेऊन दक्षिणेला गेले. कशासाठी, ते लोकांत चंपिकेशिवाय कोणालाच कळलं नव्हतं. पण भगदाड भरत गेलं.

एवढी कथा सांगून शास्ता, भिक्षूंचे गुरू, थांबले. समोर उपासिका वेणुमती मूठ मिटून बसली होती. कालच लेकीला पुरून ती आली होती आणि माझं दुःख कोणाला देऊ, असं तिने विचारलं होतं. शास्ता म्हणाले, "त्या वेळचा राजा म्हणजे हा भिक्षू वारण. पिंगलाचार्य होता तो बाहेर झाडाखाली उभा आहे, अजून आत येत नाही. चंपिका तू होतीस, बाई. मापारी मी होतो. खोटं काय ते प्रज्ञेला दिसतं, पण दुसऱ्याच्या जागी नावेत बसवते ती करुणा."

मग त्यांनी हात पुढे केला, आणि वेणुमतीने मूठ उघडली.