डोंगराला दिलेली तीन नावं

फार मागं काय होतं, बरं का, डोंगराला नावंच नव्हती. गावाला नाव होतं, नदीला होतं, गोठ्यातल्या गाई-म्हशींनासुद्धा होतं. डोंगराला मात्र नाही. पायथ्याची माणसं त्याला नुसतं ‘तिकडं’ म्हणायची. बोटही दाखवायची नाहीत. हनुवटी जराशी वर करायची, झालं.

आणि नाव नव्हतं म्हणून त्या डोंगरातलं काहीच जागेवर राहायचं नाही. आज जिथं पाणी दिसलं, तिथं उद्या कोरडा कातळ. सकाळी ज्या खिंडीतून माणूस वर गेला, ती दुपारी मिटलेली. चुकलेली म्हैस शोधायला गेलेली माणसं गेली ती गेलीच. मागं राहिलेल्यांना सांगताही यायचं नाही की आपलं माणूस नेमकं कुठं हरवलं. तिकडं गेला, एवढंच म्हणायचे.

मग ठेवायची की नावं, असं वाटतं ना? पण जुनी माणसं सांगायची, हा डोंगर असंतसं नाव घेत नाही. तो माणसाचं नाव घेतो, आणि घेतलेलं परत देत नाही. मग कोण देणार?

तर त्या गावात काशाई नावाची एक म्हातारी होती. तिला एक मुलगा, हैबती. त्याची बायको भिवरा. थंडी पडली की हैबती खालच्या मुलखात गुऱ्हाळावर कामाला जायचा. गावातले सगळेच बापई गडी जायचे. मग घरी सासू आणि सून, दोघीच.

काशाई तोंडानं फटकळ होती. सुनेच्या भाकरीला तिनं कधी बरी म्हटलं नाही. पण त्या थंडीत भिवराला दिवस गेले, आणि तिला अन्न जाईना. पेज घेतली तरी उलटून पडायची. गाल बसले, डोळे आत गेले. काशाई नुसती बघत राहिली.

मग एका सकाळी भिवरा उठली, तर सासू घरात नाही. चूल पेटवलेली, पेज झाकून ठेवलेली, आणि कोपऱ्यातली टोपली नाही.

शेजारी पारू म्हातारी राहायची. ती म्हणाली, “रानआवळे आणायला गेली. तुला आंबट तरी जाईल म्हणून. मी नको म्हटलं तिला. ते तिकडंच असतात ना.”

भिवरा उंबऱ्यावर बसून राहिली. ऊन अंगणात आलं. अंगणातून भिंतीवर चढलं. मग ती उठली आणि तिनं पदर खोचला.

पारू म्हणाली, “तू दोन जिवांची आहेस, पोरी.”

“त्या माझ्यासाठीच गेल्यात,” भिवरा म्हणाली, आणि निघाली.

मग काय झालं, ती चढू लागली. चढता चढता हाका मारायची, “आत्याबाई, ओ आत्याबाई.” डोंगरात हाक मारली की आपलाच आवाज परत येतो, हो ना? तिथं तसा येईना. हाक जायची ती जायचीच. भिवराला धाप लागली, घसा कोरडा पडला. समोर कातळात हिरवंगार पाणी दिसलं. ती जवळ गेली, तर पाणी पलीकडं सरकलेलं. पलीकडं गेली, तर आणखी वर. तिला भोवंड आली. ती खाली बसली.

तेव्हा पाणी बोललं. आवाज भिवराचाच होता, शब्द मात्र तिचे नव्हते.

“मला नाव नाही. कुठं थांबायचं ते मला कळत नाही. तुझं नाव दिलंस तर थांबेन. पण दिलेलं नाव तुझं राहणार नाही. त्या नावानं तुला पुन्हा कोणी हाक मारणार नाही.”

भिवरा घाबरली. मग तिच्या मनात आलं, आपल्याला नावं दोन आहेत. सासरचं भिवरा. आणि माहेरचं ठकू. तिचे वडील तिला ठकू म्हणायचे. वर्षाकाठी भाऊबीजेला ती माहेरी जायची, तेव्हा वडील लांबूनच, बांधावरून हाक मारायचे. तेवढी एक हाक ऐकायला ती वर्षभर थांबायची. तिला ते सगळं आठवलं. पण सासू तिकडं कुठं पडली असेल, तेही डोळ्यांपुढं आलं.

“ठकू घे,” ती म्हणाली.

पाणी थांबलं. भिवरा ओंजळीनं पाणी प्याली आणि तिनं डोळे मिटून वडिलांची हाक आठवून पाहिली. वडील दिसले, बांधावर उभे. त्यांचे ओठ हलले. आवाज आला नाही.

पाण्याच्या काठाला दोन आवळे पडलेले होते. म्हणजे म्हातारी इथून गेली होती. भिवरा त्या बाजूनं वर निघाली.

पुढं दोन उंच कडे आणि मधे खिंड दिसली. भिवरा जवळ पोचेपर्यंत ती मिटायची आणि दुसरीकडं उघडायची. ऊन कलायला लागलं. पलीकडून कण्हल्याचा आवाज यायचा, पण वाट नाही. आणि खिंडही तेच बोलली. नाव दे, मग थांबते.

आता उरलं होतं सासरचं नाव. लग्नाच्या दिवशी काशाईनंच तिच्या कानात ते सांगितलं होतं. तेव्हा म्हातारीच्या तोंडाला सुपारीचा वास येत होता. त्या दिवसापासून हैबती तिला त्याच नावानं हाक मारायचा. रानातून आला की दारातून मारायचा, निजताना हळू मारायचा.

तिनं डोळे पुसले. “भिवरा घे,” ती म्हणाली.

खिंड उघडी राहिली. आता बघा, मी तिला काय म्हणू? दोन्ही नावं गेली. मी नुसतं ‘ती’ म्हणते. तुम्ही समजून घ्या.

मग ती खिंडीतून पलीकडं गेली, आणि तिला सासू दिसली. एका कड्याच्या कपारीत बसलेली. पाय सुजलेला, टोपली मांडीवर घट्ट धरलेली. हाकेच्या अंतरावर. पण ही एक पाऊल पुढं टाकायची, तर कडा एक पाऊल मागं जायचा. सूर्य टेकायला आला होता. गार वारा सुटला होता. तशा थंडीत म्हातारं माणूस उघड्यावर सकाळ बघत नाही.

ती कड्याला म्हणाली, “माझ्याकडं आता नाव नाही. डोरलं घे. पायातली जोडवी घे.”

कडा म्हणाला, “ते घेऊन मी काय करू? त्यानं मला कोणी ओळखणार नाही. तुझ्याकडं अजून एक नाव आहे.”

तिचा हात पोटावर गेला.

खरं होतं ते. तिच्या मनात एक नाव होतं, आणि ते तिनं कोणाला म्हणजे कोणाला सांगितलं नव्हतं. तिची आई ती लहान असतानाच वारली. आईचं नाव मंजुळा. वडिलांनी दुसरं लग्न केलं, आणि त्या घरात ते नाव पुन्हा कोणी घेतलं नाही. मुलगी झाली तर तिचं नाव मंजुळा ठेवायचं, म्हणजे दिवसातून चार वेळा आपल्या आईला कोणी हाक मारेल, एवढंच तिच्या मनात होतं.

ती खाली बसली. खूप वेळ बसली. पलीकडून काशाई ओरडत होती, “परत जा, पोरी. माझं झालंय जगून. माझ्यापायी अंधारात अडकू नकोस.” म्हातारीला कड्याचं बोलणं ऐकू येत नव्हतं. सून नुसती बसलेली तिला दिसत होती.

मग ती कड्याला म्हणाली, “माझ्या आईचं नाव आहे ते. नीट ठेवशील?”

कडा म्हणाला, “मी आहे तोवर ठेवीन.”

“मग मंजुळा घे.”

कडा थांबला. वाऱ्याचा आवाज बदलला. ती धावत गेली आणि तिनं सासूला मिठी मारली. मग काशाईचा हात खांद्यावर घेऊन तिला हळूहळू उतरवलं. खिंड जिथल्या तिथं होती. पाणी जिथल्या तिथं होतं. पाण्यापाशी दोघी टेकल्या. काशाईनं सुनेला हाक मारायला तोंड उघडलं, आणि ते तसंच राहिलं. नाव येईना. म्हातारीला सगळं कळलं.

“काय काय देऊन आलीस?” तिनं विचारलं.

मग सुनेनं तिला सांगितलं. ठकूचं सांगितलं, भिवराचं सांगितलं, आणि मंजुळेचंही सांगितलं. काशाईनं टोपलीतला एक आवळा पदरानं पुसला आणि सुनेच्या हातात दिला. तिनं तो खाल्ला, वर पाणी प्याली. पाणी गोड लागलं, आणि कित्येक दिवसांनी पोटात काहीतरी टिकलं. चांगलं अंधारून आल्यावर दोघी घरी पोचल्या.

तेव्हापासून तिथं नावं झाली, बरं का. ठकूचं पाणी. भिवरेची खिंड. मंजुळेचा कडा. नावं झाली म्हणून वाटा झाल्या. गुराखी सांगून जायचे, ठकूच्या पाण्यावर आहे, आणि संध्याकाळी परत यायचे. आधी गेलेली माणसं मात्र आली नाहीत. त्यांच्या घरची माणसं मग भिवरेच्या खिंडीत जायची, आणि आपल्या माणसासाठी एक एक दगड ठेवून यायची. आता निदान दगड ठेवायला जागा होती.

शिमग्याच्या आधी हैबती आला. अंगणात उभा राहिला, दाराकडं तोंड करून हाक मारायला गेला, आणि त्याच्या तोंडातून शब्दच येईना. मग तो म्हणाला, “अगं, मी आलो.” ती बाहेर आली. तिला तेवढं पुरलं.

पुढं तिला मुलगी झाली. बाराव्या दिवशी बायका जमल्या, पाळणा बांधला, घुगऱ्या शिजल्या. नाव काय ठेवायचं म्हणून सगळ्या विचारू लागल्या. ती मान खाली घालून बसलेली. तिच्याकडं नाव उरलंच नव्हतं.

तेव्हा काशाई लंगडत पुढं आली, पाळण्यावर वाकली आणि बाळाच्या कानात म्हणाली, “काशी.”

पारू म्हणाली, “असं कसं? जितीजागती बसलीस तू, आणि तुझंच नाव?”

“माझं कुठं राहिलं आता? मी ते तिला दिलं,” म्हातारी म्हणाली. “सुनेनं एवढी दिली. मला एक द्यायला काय जड आहे? मला आजी म्हटलं तरी चालतंय. आणि हिला ही पोर आई म्हणेल. ते काही डोंगराला घेता येत नाही.”

सुनेनं मान वर केली. मग ती पाळण्याची दोरी ओढत बसली.

तर त्या घरात एक आजी होती, एक आई होती, आणि काशी होती. काशी चालायला लागली तशी आई तिला घेऊन मंजुळेच्या कड्यापाशी जायची. तिथून जाणारं येणारं प्रत्येक माणूस दुसऱ्याला वाट सांगताना म्हणायचं, मंजुळेच्या कड्याशी वळ. आई ते ऐकत बसायची.

पुढं सगळी सुखासमाधानात राहिली. झालं. पांघरूण नीट घ्या, डोळे मिटा, आणि झोपा आता गपचूप.