फणीचा खडक

बंदराच्या तोंडाशी तो काळा, दातेरी खडक दिसतो ना, त्याला फणीचा खडक म्हणतात. आमचे म्हातारे त्याला नारळ वाहतात आणि पाहुण्यांना सांगतात, एका बाईने रीत मोडली म्हणून तिचा नवरा बुडाला. गोष्ट तीच आहे, फक्त ते अर्धी सांगतात.

सोनकी नावाची एक कोळीण होती. नवरा दर्यावर असेपर्यंत बायकोने केसांना फणी लावायची नाही, ही रीत तेव्हाही होती. तिचा जानू एकटाच होडी घेऊन जायचा, दिवसचे दिवस परतायचा नाही. तिच्या केसांच्या जटा झाल्या, पण तिने एकही गुंता सोडवला नाही, म्हणे.

एकदा ती सुकट विकायला खाडीपलीकडच्या गावात गेली. जानूची होडी तिथेच चिखलात ओढलेली. एका ओट्यावर जानू खाली मान घालून एका बाईचे केस विंचरत होता. त्याला कळलं नाही. त्या बाईने मात्र सोनकीच्या जटा पाहिल्या आणि समजायचं ते समजली.

सोनकी गावच्या पाटलाकडे गेली.

"आमाला ठावं हाय गो," तो म्हणाला. "पुरुषाचं चालायचंच. तू आपली रीत सांभाळ."

सगळ्यांनाच ठाऊक होतं. एकानेही तोंड उघडलं नव्हतं.

पुढच्या खेपेला जानू म्हणाला, "दर्यावर चाललो." तो गेला तशी सोनकी न्हाली, केस विंचरले, अबोलीची वेणी माळली.

विहिरीवर बायका म्हणाल्या, "काय गो, नवरा दर्यावर, नि वेणी कुनासाठी?"

"त्याचा दर्या खाडीपल्याड हाय," ती म्हणाली.

पण खाडीपलीकडच्या त्या बाईने जानूच्या तोंडावर दार लावून घेतलं होतं. या वेळी तो खरोखरच दर्यावर गेला. वारा फिरला आणि होडीची नुसती फळी किनाऱ्याला लागली.

पाटलाने गाव जमवलं. "तूच मारलंस त्याला."

"इतके दिस खोटं बोलला, तवा मी रीत पाळली," सोनकी म्हणाली. "येकदाच खरं बोलला, ते मला कसं कळावं?"

ती केसांतली वेणी काढून बंदराच्या तोंडाशी त्या खडकावर जाऊन बसली. भरती चढली तरी उठली नाही. गाव काठावर उभं होतं, पण कुणी होडी लोटली नाही. ओहोटीला खडकाला फणीसारखे दाते फुटलेले दिसले, असं सांगतात.

आजही होड्या बाहेर असल्या की आमच्या बायका केस विंचरत नाहीत. गेल्या वर्षी एक होडी परतली नाही. म्हातारे किनाऱ्यावर गेले नाहीत. आधी बुडालेल्याच्या घरी गेले, त्याच्या बायकोचं डोकं बघायला.