डावा गाल

"दादानं सगळ्या जगाला कॅमेऱ्यासमोर बसवलं. मला एकदाही का नाही?"

नूरबाबा किल्ल्याखालच्या दर्ग्याच्या विहिरीवर बसले होते. दादाला मी हेच विचारायचो, तर तो नुसता हसायचा. आज त्याला जाऊन नऊ दिवस झाले.

दादा जुन्या लढायांवर, किल्ल्यांवर माहितीपट काढायचा. दिग्दर्शक तोच, निर्माताही तोच. मी सातवी नापास. बारा वर्षं त्याचे दिवे वाहिले. मुलाखतीआधी तो मला खुर्चीत बसवायचा, माझ्या तोंडावर उजेड जमवायचा. जमला की म्हणायचा, "ऊठ, गुणा. पाहुण्यांना बसू दे."

त्या पाहुण्यांवर मी जळायचो. सगळ्यात जास्त नूरबाबांवर. शेवटच्या माहितीपटासाठी दादा वर्षभर त्यांच्याच पायाशी बसला होता.

मी खिशातून डिस्क काढली.

"तुमचं सगळं बोलणं यात आहे. दुसरी प्रत नाही. विहिरीत टाकणार आहे."

"खोल आहे हं. माझा तांब्या गेला तो अजून वर आला नाही."

"थट्टा नका करू, बाबा!"

"बरं. एक सांग. त्यानं मला माझं चित्र दाखवलं होतं. डावा गाल अंधारात. असं का रे?"

"सगळ्यांचंच तसं आहे. दादा दिवा उजवीकडूनच लावायचा. पेपरवाले लिहायचे, अर्धा इतिहास अंधारात असतो हे हा माणूस दाखवतो."

"आणि तो काय म्हणायचा?"

"काही नाही."

ऊन किल्ल्याच्या भिंतीवरून खाली आलं. मी तोंड फिरवलं.

बाबांनी हात उचलला आणि माझ्या तोंडाच्या डाव्या बाजूला आडवा धरला.

"डोळा दुखतो?"

"हा डावा. लहानपणापासून. उजेड सोसत नाही, पाणी येतं."

"पहिल्यांदा खुर्चीत बसलास तेव्हा आलं होतं?"

"खूप आलं. मी कुणाला बोललो नव्हतो. पण दादानं डावीकडचा दिवा लगेच काढला. नंतर कुणासाठीच लावला नाही…"

बाबांचा हात तसाच धरलेला.

मी डिस्क विहिरीवर धरली. बोटं उघडेनात.

"हं," बाबा म्हणाले. "आता टाक."